ऑक्सिमीटर ९८ दाखवतो, तरी अवयव उपाशी का? (सिकलसेलबद्दल)

वैनगंगा

कोविडनंतर घरोघरी ऑक्सिमीटर आला. बोटाला लावायचा, ९७-९८ दिसलं की निश्चिंत व्हायचं, ही सवय अंगवळणी पडली. दम्याच्या किंवा न्यूमोनियाच्या माणसासाठी ती चांगलीच आहे. पण भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीकडच्या सिकलसेलच्या, म्हणजे लाल रक्तपेशी विळ्यासारख्या वाकवणाऱ्या आनुवंशिक आजाराच्या, घरांत याच आकड्याने घात होतो. पोरगं हातपाय धरून विव्हळतंय, डोळे पिवळे झालेत, आणि कुणीतरी मशीन लावून सांगतं, "ऑक्सिजन तर बरोबर आहे, काही नाही झालं." मी नर्सिंगच्या मुलींना शरीरक्रियाशास्त्र शिकवते. त्यांनी हे वाक्य कुठल्याही वॉर्डात उच्चारू नये यासाठी माझा जीव तुटतो, म्हणून इथेही लिहितेय.

आधी हिशेब. १ ग्रॅम हिमोग्लोबिन साधारण १.३४ मिली ऑक्सिजन धरतं. हिमोग्लोबिन १५ असलं तर १०० मिली रक्तात जवळपास २० मिली ऑक्सिजन असतो. एसएस रुग्णाचं (ज्याला आई आणि वडील दोघांकडून सिकलचं जनुक आलंय त्याचं) हिमोग्लोबिन बरेचदा ७-८ च्या आसपास, म्हणजे तिथे ९-१० मिलीच. मशीन दोघांनाही ९८ दाखवू शकतं. कारण हिमोग्लोबिन किती आहे हे ते मोजतच नाही, आहे त्यातलं किती टक्के भरलंय एवढंच सांगतं. आगारातून सुटलेल्या सगळ्या एसटी गच्च भरलेल्या आहेत हे त्याला कळतं, पण आज गाड्याच निम्म्या सुटल्यात हे कळत नाही.

ही झाली ॲनिमियाची बाजू. ती बऱ्याच आजारांत असते आणि शरीर ती बऱ्यापैकी निभावून नेतं. निरोगी माणसाच्या रक्तातून मिनिटाला सुमारे १००० मिली ऑक्सिजन अवयवांकडे जातो, स्वस्थ बसलेल्या शरीराला त्यातला २५० मिली पुरतो. गाठीशी इतकी शिल्लक असते. सिकलसेलमध्ये ती शिल्लक रोजच्या जगण्यातच संपलेली असते. हृदय जास्त रक्त ढकलून कसंबसं जमवतं आणि वर्षानुवर्षं तेच करून मोठं होतं.

खरा घाव पुढे आहे. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन आलेलं असतं, बदल एवढाच. दोष हिमोग्लोबिनच्या रेणूतच आहे हे लायनस पॉलिंग आणि सहकाऱ्यांनी १९४९ मध्ये दाखवलं. ऑक्सिजन सोडून दिला की हे रेणू एकमेकांना चिकटतात, त्यांचे लांब तंतू होतात, आणि मऊ गोल पेशी ताठर होऊन विळ्यासारखी वाकते. मात्र तंतू तयार व्हायला थोडा अवधी लागतो. पेशी केशवाहिनीतून सेकंदभरात सटकली आणि फुप्फुसात जाऊन पुन्हा ऑक्सिजन भरून घेतला, तर निभावलं. वाटेत रेंगाळली तर तिथेच ताठरते, अडकते, आणि तिच्यामागच्या पेशींनाही रेंगाळायला लावते. त्यामुळे पुढच्या भागाला ऑक्सिजन आणखी कमी, त्यामुळे आणखी पेशी वाकतात.

म्हणजे या आजारात फुप्फुसं चांगली असू शकतात, बोटावरचा आकडा चांगला असू शकतो, आणि खुब्याच्या हाडाचा गोळा त्याच वेळी रक्तावाचून मरत असतो. दुखतं ते त्यामुळे.

या चक्रात कुठला अवयव आधी सापडतो? जिथे रक्त हळू चालतं किंवा ऑक्सिजन मुळातच कमी असतो तो. पाणथरीत, म्हणजे प्लीहेत, पेशींना अरुंद फटींतून वाट काढावी लागते. तिथे बाळपणीच नुकसान सुरू होतं. मूत्रपिंडाच्या आतल्या गाभ्याचं तर सगळंच प्रतिकूल. तिथे ऑक्सिजन कमी, आम्लता जास्त, आणि क्षार इतके की पेशीतलं पाणी बाहेर ओढलं जातं. पाणी गेलं की आतलं हिमोग्लोबिन दाट होतं आणि तंतू कितीतरी लवकर बनतात. म्हणून या मुलांना लहानपणापासून लघवी दाट करता येत नाही. ती वारंवार जातात, अंथरूण ओलं करतात, आणि "एवढा मोठा झाला तरी" म्हणून बोलणी खातात. त्या पोराचा काय दोष? त्याच्या मूत्रपिंडाला पाणी धरून ठेवताच येत नाही. त्याला पाणी कमी प्यायला सांगणं म्हणजे आजाराला हातभार लावणं.

आपापले अनुभव, प्रश्न लिहा. डॉक्टर मंडळी असतील तर त्यांनीही.

सातपुडा_आई

ताई, वाचताना डोळ्यांत पाणी आलं. आम्ही शहादा तालुक्यातले. माझा मुलगा एसएस आहे, लाल कार्डवाला (ते रुग्णाचं कार्ड). आठ-नऊ महिन्यांचा असताना हातापायाची बोटं टम्म सुजली, हात लावू देईना. सगळे म्हणाले, काहीतरी चावलं असेल. सिकलसेलचं कळलं ते खूप नंतर, आशाताईने शिबिरात नेलं तेव्हा.

एकदा रात्री क्रायसिस (दुखण्याचा जोराचा झटका) आला, मोठ्या दवाखान्यात नेलं (नाव लिहीत नाही). तिथे ऑक्सिजन लावून ठेवला आणि दुखण्यावर साधी गोळी. तो ओरडत राहिला. एक जण म्हणाला, "याला सवय झालीय, इंजेक्शनासाठी नाटक करतो." तेव्हा तो दुसरीत होता. दुसरीतलं लेकरू इंजेक्शन मिळावं म्हणून नाटक करेल? मला दोन गोष्टी विचारायच्यात. ऑक्सिजन लावूनही दुखणं का थांबलं नाही? आणि रक्त कमी आहे म्हणून लोहाच्या गोळ्या देत राहतात, त्या द्यायच्या का?

वैनगंगा

ताई, तुमच्या पहिल्या प्रश्नातच या धाग्याचं सार आहे. रक्त फुप्फुसात आधीच ९७ टक्के भरत असेल तर नाकाला नळी लावून फार तर दोन-तीन टक्के वाढतील. अडथळा पुढे आहे, हाडातल्या बारीक वाहिन्यांत. तिथे रक्तच पोचत नाही तर रक्तातला जास्तीचा ऑक्सिजन तरी कसा पोचणार? ऑक्सिजन लावायचा तो आकडा खरोखर खाली आला असेल तेव्हा. दुखण्याला लागतं ते दुखण्याचं औषध, तेही लवकर आणि पुरेसं, गरज पडली तर मॉर्फिनसुद्धा. आणि ऊब व द्रवपदार्थ. देशात मॉर्फिन मिळणं कायद्यामुळे अवघड होतं, ते सोपं व्हावं म्हणून २०१४ मध्ये अमली पदार्थांच्या कायद्यात दुरुस्ती झाली. तरी मनातली भीती गेलेली नाही आणि ती लहान लेकरांना भोगावी लागते. बोटं सुजली ते हाडातल्या अडथळ्यामुळे. बाळाच्या रक्तात सुरुवातीला गर्भातलं हिमोग्लोबिन भरपूर असतं, ते वाकू देत नाही. ते सहा महिन्यांनंतर ओसरतं आणि मग बोटांची ही सूज हेच बऱ्याच बाळांत पहिलं लक्षण असतं.

लोहाचं: या आजारात रक्तपेशी १२० दिवसांऐवजी १०-२० दिवसच जगतात, पण फुटलेल्या पेशीतलं लोह बहुतेक शरीरातच राहतं. वारंवार रक्त चढवलं असेल तर जास्तच साठतं. म्हणून तपासणीत लोह कमी दिसल्याशिवाय लोहाची गोळी नको. फॉलिक ॲसिड मात्र चालू ठेवतात, कारण हाडातली मज्जा सतत नव्या पेशी घडवत असते.

निशिगंध

बालरोगतज्ज्ञ आहे, नागपूरला. वैनगंगाताईंनी पाणथरीचा उल्लेख ओझरता केला, मला तिथेच थांबायचंय, कारण बाळं तिथे दगावतात.

पाणथरी रक्तातले जंतू गाळते, विशेषतः न्यूमोकोकस. रक्तावाचून ती निकामी झाली की साधा वाटणारा ताप काही तासांत रक्तातला जंतुसंसर्ग ठरू शकतो. म्हणून एसएस मुलाला १०१ फॅरनहाइटच्या वर ताप आला तर घरी पॅरासिटामॉल देऊन सकाळची वाट बघायची नाही. पाच वर्षांपर्यंत रोज दोन वेळा पेनिसिलिन देतात ते यासाठीच. अमेरिकेतल्या १९८६ च्या चाचणीत त्याने न्यूमोकोकसचे संसर्ग ८४ टक्क्यांनी कमी झाले होते. इतकं स्वस्त औषध, पण ते नेमाने देणारी घरं मला थोडी भेटतात. त्याचा दोष मी आईबापांना देत नाही. ते का द्यायचं हे त्यांना कुणी बसून सांगितलेलंच नसतं.

दुसरं, पाणथरीत अचानक रक्त साठणं. मूल पांढरंफटक पडतं, पोट फुगतं, हिमोग्लोबिन काही तासांत निम्म्यावर येतं. मी प्रत्येक आईला ओपीडीत हात धरून शिकवतो: मूल उताणं झोपवा, गुडघे थोडे मुडपा, डाव्या बरगडीखाली बोटं सपाट ठेवा, त्याला श्वास घ्यायला सांगा. श्वास घेताना एक टणक कड येऊन बोटांना टेकते. ती एरवी कुठवर लागते हे पेनाने खूण करून लक्षात ठेवा. आपल्याकडच्या बऱ्याच मुलांत ती वर्षानुवर्षं मोठीच राहते, म्हणून "मोठी आहे का" याला अर्थ नाही. "कालच्यापेक्षा मोठी झाली का" हे बघायचं. झाली असेल तर तशीच गाडी करून निघा.

मेंदूचंही सांगतो. एसएस मुलांत पक्षाघात होतो, हे ऐकून पालक हादरतात. पण त्याआधीच ओळखता येतं. कवटीवरून करायची डॉप्लर सोनोग्राफी असते, तीत मेंदूच्या मोठ्या धमन्यांतला रक्ताचा वेग मोजतात. सेकंदाला २०० सेंटिमीटरच्या वर गेला तर धोका जास्त. अशा मुलांना नियमित रक्त देत राहिल्यास पक्षाघात पुष्कळ टळतो हे १९९८ च्या अमेरिकी चाचणीने दाखवलं. शिवाय काही मुलांच्या मेंदूत बारीक भाग गुपचूप मरतात, हातपाय शाबूत राहतात आणि फक्त अभ्यास मागे पडतो. गुरुजी म्हणतात लक्ष नाही.

अभिज

मी यंत्रवाला माणूस, औषधातलं कळत नाही. पण हिशेबाने बघितलं तर गाड्या कमी आहेत ना, मग रक्त चढवून हिमोग्लोबिन सरळ १४ वर का नेत नाहीत?

वैनगंगा

कारण पुरवठा म्हणजे रक्तातला ऑक्सिजन गुणिले रक्ताचा प्रवाह. वाकलेल्या पेशी आत असताना हिमोग्लोबिन १० च्या बरंच वर नेलं की रक्त घट्ट होतं, प्रवाह मंदावतो आणि हातात उलट कमी पडतं. म्हणून ७-८ वर बरा असलेल्या माणसाला नुसता आकडा बघून रक्त चढवत नाहीत. गंभीर वेळी रक्त बदलतात, म्हणजे जुनं काढत नवं घालतात.

तुमच्या प्रश्नाला जोडून एक घटना. व्हॉक्सेलोटर नावाचं औषध होतं. ते हिमोग्लोबिनला ऑक्सिजन घट्ट धरायला लावायचं. ऑक्सिजन सुटलाच नाही तर तंतू बनणार नाहीत, पेशी टिकतील, हा तर्क. रुग्णांचं हिमोग्लोबिन खरंच वाढलं आणि त्या आकड्यावर २०१९ मध्ये अमेरिकेत परवानगी मिळाली. पण नंतरच्या माहितीत दुखण्याचे झटके आणि मृत्यू यांचं प्रमाण चिंताजनक दिसलं, आणि सप्टेंबर २०२४ मध्ये फायझरने ते जगभरातून मागे घेतलं. नेमकं काय बिघडलं यावर तज्ज्ञांत चर्चा आहे. माझं मत विचाराल तर हिमोग्लोबिनने ऑक्सिजन उचलणं जितकं महत्त्वाचं तितकंच तो जागेवर सोडणंही. प्रयोगशाळेतला आकडा सुधारला म्हणून अवयवाला मिळालं असं धरून चालू नये.

खडकाळ_वाट

मी लॅबमध्ये आहे, गडचिरोली जिल्ह्यात. एक गोष्ट दाखवावीशी वाटते. सोल्युबिलिटी टेस्ट (सिकलसेलची पहिली चाळणी) करताना नळीत जे द्रावण असतं त्यात डायथायोनाइट असतं. त्याचं काम रक्तातला ऑक्सिजन काढून घेणं. त्यात बोटाचं थेंबभर रक्त टाकायचं, थोडा वेळ थांबायचं, आणि नळी काळ्या रेघांच्या कागदापुढे धरायची. साधं रक्त असेल तर लालसर पण पारदर्शक द्रावणातून रेघा स्वच्छ दिसतात. सिकल हिमोग्लोबिन असेल तर द्रावण गढूळ होतं, रेघा दिसेनाशा होतात. वर ताईंनी मूत्रपिंडातलं सांगितलं ना, तेच नळीत आपल्या डोळ्यांसमोर घडतं. मी शाळेतल्या पोरांना हे दाखवतो. भाषणापेक्षा त्यांना ते पटतं.

मात्र ही चाचणी वाहक (ज्याला एकाच पालकाकडून सिकलचं जनुक आलंय, तो एएस) आणि रुग्ण वेगळे करत नाही. दोघांचंही गढूळ येतं. त्यापुढे हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणारी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी चाचणी करावीच लागते. आणि सहा महिन्यांच्या आतल्या बाळात ही चाचणी फसवी.

माउली_ट्रेकर

मी वाहक आहे, एएस, पिवळं कार्ड. आजवर काही त्रास नाही. लेह-लडाखचा बेत आहे. जाऊ का?

निशिगंध

वाहक म्हणजे आजारी नव्हे, हे आधी. तुमच्या पेशीत सिकल हिमोग्लोबिन साधारण ३५-४० टक्केच असतं, बाकीचं तंतू बनू देत नाही. आयुष्यमानही सर्वसाधारण. पण परिस्थिती टोकाची झाली तर वाहकाच्या दोन ठिकाणी त्रास झाल्याच्या नोंदी आहेत. उंचीवर पाणथरीचा भाग मरणं, आणि मूत्रपिंडाच्या त्याच गाभ्यातून लघवीत रक्त येणं. लेह सुमारे ३,५०० मीटरवर आहे. जा, पण विमानाने उतरून लगेच खार्दुंगला गाठू नका. शरीराला सवय होऊ द्या, पाणी पीत राहा, आणि डाव्या बरगडीखाली जोराची कळ आली तर "गॅस असेल" म्हणून चालत राहू नका, खाली उतरा आणि डॉक्टरांना वाहक असल्याचं सांगा. एसएस रुग्णाने मात्र आपल्या डॉक्टरांशी बोलल्याशिवाय असा बेत करू नये.

थेम्सकाठी

लंडनहून. इकडे प्रत्येक नवजात बाळाच्या टाचेतून रक्ताचे थेंब घेतात, त्यात सिकलसेल तपासला जातो. त्यामुळे पेनिसिलिन तीन महिन्यांच्या आत सुरू होतं. सातपुडा_आईंनी लिहिलेली बोटांची सूज इथे यायच्या आधीच घरच्यांना आजार माहीत असतो. आपल्याकडे १ जुलै २०२३ ला मध्य प्रदेशातल्या शहडोलहून राष्ट्रीय अभियान सुरू झालं, ४० वर्षांपर्यंतच्या ७ कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत सिकलसेल संपवायचं लक्ष्य. शिबिरं चांगलीच, पण माझ्या मते नंदुरबार, गडचिरोलीत जन्मलेल्या प्रत्येक बाळाची तपासणी प्रसूतीच्या खाटेवरच व्हायला हवी.

जनुक-उपचाराबद्दल कुणी विचारेल म्हणून: कॅसजेव्ही इथे मिळू लागलं आहे, त्याची छापील किंमत १६.५ लाख पौंड. त्याआधी केमोथेरपी घ्यावी लागते. बातमी आनंदाची आहे, पण शहाद्याच्या मुलाला आज उपयोगाची नाही.

वैनगंगा

अगदी. आज उपयोगाचं आहे ते हायड्रॉक्सियुरिया. ही कॅप्सूल शरीराला पुन्हा ते गर्भातलं हिमोग्लोबिन बनवायला लावते. ते तंतूंत सामील होत नाही, त्यामुळे तंतू बनायला उशीर होतो, आणि त्या उशिरात पेशी केशवाहिनीतून निसटते. दुखण्याचे झटके कमी होतात, छातीचा गंभीर त्रास कमी होतो, रक्त चढवावं लागण्याची वेळ कमी येते. अमेरिकेत मोठ्यांसाठी १९९८ पासून मान्य आहे. पांढऱ्या पेशी आणि प्लेटलेट उतरू शकतात म्हणून ठरावीक दिवसांनी रक्त तपासून डोस ठरवतात. गरोदरपणात चालत नाही. काही जण "कॅन्सरची गोळी" म्हणून घाबरून बंद करतात, ते करू नका, डॉक्टरांना विचारा.

छातीच्या त्रासाबद्दल लिहायचं राहिलं होतं. ताप, छातीत दुखणं, खोकला, धाप, आणि एक्स-रेवर नवा डाग, याला ॲक्यूट चेस्ट सिंड्रोम म्हणतात. इथे मात्र ऑक्सिमीटर खरा कामाचा, कारण आता फुप्फुसच सापडलेलं असतं. फुप्फुसात ऑक्सिजन भरला नाही की सगळ्या शरीरात पेशी एकदम वाकू लागतात. मूल बरं असताना त्याचा नेहमीचा आकडा लिहून ठेवा. काही एसएस मुलांचा तो ९३-९४ च असतो. त्याच्यापेक्षा ३ ने खाली आला की दवाखाना. सावळ्या त्वचेवर हे मशीन आकडा थोडा जास्त दाखवू शकतं, तेही ध्यानात असू द्या.

रानपाखरू

माझं लग्न ठरतंय. मी एएस, तोही एएस. दोन्ही घरं म्हणतात मोडा. आमचं मन नाही. कुणाला सांगताही येत नाही.

वैनगंगा

बाळा, इथे सांगितलंस हे बरं केलंस. दोघं वाहक असाल तर प्रत्येक गरोदरपणात बाळ एसएस असण्याची शक्यता २५ टक्के, वाहक असण्याची ५० टक्के, पूर्ण मोकळं असण्याची २५ टक्के. "पहिलं झालं तसं, आता दुसरं नाही होणार" असा हिशेब नसतो, दर वेळी तेवढीच शक्यता. लग्न करायचं की नाही हा निर्णय तुमच्या दोघांचा, तो घरच्यांनी भीतीपोटी घ्यायचा नाही. केलंत तर गर्भ साधारण ११-१२ आठवड्यांचा झाला की वारेचा बारीक तुकडा घेऊन गर्भाची तपासणी होऊ शकते, त्यासाठी गरोदरपण लक्षात येताच जायला हवं. त्याआधी दोघं मिळून समुपदेशकाला भेटा. तुझ्या जिल्ह्याच्या जवळचं केंद्र कुठलं ते मला निरोपात विचार. चंद्रपूरला आयसीएमआरचं (केंद्राच्या वैद्यकीय संशोधन परिषदेचं) रक्तविकारांचं केंद्र आहे, तिथली माहितीही देते.

सातपुडा_आई

ताई, डॉक्टर, तुमचे आभार कसे मानू. पाणथरी बघायला शिकले, काल कड लागली तिथे खूण केली. शाळेत बाईंना भेटून सांगितलं की त्याला पाण्याची बाटली बाकावर ठेवू द्या आणि लघवीला विचारून जायला लावू नका. त्या हो म्हणाल्या. पीटीचं काय करू? त्याला पळायला फार आवडतं.

निशिगंध

पळू द्या. दम लागला की स्वतः थांबायची मुभा द्यायची, शर्यत पुरी करायची सक्ती नको. मध्ये मध्ये पाणी, भर उन्हात नको, घाम आला की कोरडा सदरा, आणि थंडीत पहाटेच्या मैदानाला सुट्टी. नदी-विहिरीच्या गार पाण्यात पोहायला पाठवू नका. अचानक गार पाण्याने क्रायसिस आलेली मुलं मी पाहिली आहेत. पीटीच्या शिक्षकांसाठी एवढं एका चिठ्ठीत लिहून तुमच्या डॉक्टरांची सही घ्या. आणि दहावीला पोचला की परीक्षेत जादा वेळ मिळतो. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सिकलसेल आहे. ते प्रमाणपत्र आत्तापासूनच काढायला घ्या, वेळ लागतो.